तळटीप १४ : रतनवाडी
१४. रतनवाडी : अकोले तालुक्यातले (जि. अहिल्यानगर, पूर्वीचा अहमदनगर) रतनगडाच्या पायथ्याचे डोंगरी गाव, वस्ती मुख्यतः महादेव कोळ्यांची. प्रवरा याच डोंगरात उगम पावते. लेखक शेंडीहून होडीने आला, तो प्रवरेवरच्या भंडारदरा धरणाच्या (पूर्ण १९२६) जलाशयातून. 'अमृतेश्वर' हे गावातले प्राचीन शिवालय. झंज राजाने नद्यांच्या उगमाशी बारा शिवालये बांधली, त्यांतले हे एक, अशी परंपरा आहे. शिखरावरचे कोरीव काम इतके नाजूक आहे की लेखकाने त्याला दिलेले एक वाक्य अपुरेच वाटते. जवळच्या पुष्करणीच्या भिंतींत देवकोष्ठे असून त्यांत विष्णुमूर्ती आहेत. देऊळ पाहून परतणाऱ्याने त्या चुकवू नयेत. 'झाडांवरचा उजेड' काजव्यांचा. मेअखेरीपासून पाऊस जोर धरेपर्यंत हिरडा, बेहडा, जांभूळ, सादडा अशा झाडांवर ते लुकलुकतात. हा त्यांच्या मीलनाचा काळ, म्हणून विजेरी व गाड्यांचे दिवे त्यांना घातक ठरतात. 'नेढे' म्हणजे गडमाथ्यावरच्या कातळाला वाऱ्यापावसाने पडलेले आरपार भोक. पुढे येणारा त्र्यंबक दरवाजा याच गडाचा.