कीली मोटर

कीली मोटर हे एक कल्पित यंत्र होय. ध्वनिकंपनांच्या साहाय्याने पदार्थाचे विघटन करून त्यातून अमर्याद शक्ती मिळवता येते, असा दावा अमेरिकेतील फिलाडेल्फिया शहराचे रहिवासी जॉन वॉरेल कीली (३ सप्टेंबर १८३७ – १८ नोव्हेंबर १८९८) यांनी १८७२ मध्ये केला. पुढील सव्वीस वर्षे गुंतवणूकदारांनी या दाव्यावर विश्वास ठेवून पैसा पुरवला. मात्र विक्रीयोग्य असे एकही यंत्र तयार झाले नाही. कीली यांच्या मृत्यूनंतर प्रयोगशाळेच्या तपासणीत दाबाखालील हवेची छुपी यंत्रणा आढळली. विज्ञानाच्या इतिहासात हे प्रकरण फसवणुकीचे ठळक उदाहरण मानले जाते.

दाव्याचे स्वरूप

या क्षेत्रात येण्यापूर्वी कीली यांनी सुतारकाम, यंत्रकाम, वाद्यवृंदात वादन असे निरनिराळे व्यवसाय केले होते. त्यांच्या मते प्रत्येक पदार्थाच्या अणूंना स्वतःचा विशिष्ट सूर असतो. नादकाट्याने किंवा वाद्याने तोच सूर उत्पन्न केल्यास अणू त्याला प्रतिसाद देतात आणि त्यांच्यात दडलेली 'ईथर शक्ती' मुक्त होते. प्रकाशलहरींचे वहन करणारे ईथर नावाचे माध्यम विश्वात सर्वत्र भरलेले आहे, असे त्या काळातील बहुतेक भौतिकशास्त्रज्ञ मानत असत. त्यामुळे कीली यांची परिभाषा सामान्य श्रोत्याला शास्त्रीय वाटे.

कंपनी आणि प्रात्यक्षिके

या शोधाच्या व्यापारी वापरासाठी कीली मोटर कंपनी स्थापन झाली आणि तिचे भाग विकून भांडवल उभारण्यात आले. नोव्हेंबर १८७४ मधील एका प्रात्यक्षिकात कीली यांनी यंत्राच्या नळीत तोंडाने हवा फुंकली व नंतर सुमारे पाच गॅलन साधे पाणी ओतले. त्यानंतर दाबमापकावर दर चौरस इंचाला १०,००० पौंड इतका दाब दिसू लागला. पाण्याचे विघटन होऊन नवी वाफ निर्माण झाल्याचे त्यांनी सांगितले. इतर प्रात्यक्षिकांत जाड दोर तोडणे, लोखंडी कांबी वाकवणे, फळ्यांतून गोळी आरपार नेणे असे प्रकार दाखवले जात. यंत्र सुरू करण्यापूर्वी नादकाटा किंवा वाद्य वाजवण्याची प्रथा असे.

कंपनीचा पैसा संपत आल्यानंतर क्लारा ब्लूमफील्ड मूर यांनी कीली यांना आश्रय दिला. त्या एका कागद उत्पादकाच्या श्रीमंत विधवा होत्या. १८९३ मध्ये त्यांनी कीली यांच्या शोधांचे समर्थन करणारे पुस्तक प्रसिद्ध केले.

गुप्ततेचा वाद

यंत्राचे रहस्य उघड करण्यास कीली यांनी सातत्याने नकार दिला. काम अपुरे आहे, लवकरच पूर्ण होईल, असे उत्तर भागधारकांना वर्षानुवर्षे मिळत राहिले. अखेर प्रकरण न्यायालयात गेले. यंत्राची माहिती देण्याचा आदेश न पाळल्यामुळे न्यायालयाच्या अवमानाबद्दल कीली यांना १८८८ मध्ये अल्पकाळ तुरुंगवास झाला.

तारेची कसोटी

कीली यांच्या म्हणण्यानुसार एका तारेतून ध्वनिशक्ती यंत्रापर्यंत पोहोचत असे. श्रीमती मूर यांच्या पुढाकाराने १८९० च्या दशकाच्या मध्यात दोन तज्ज्ञांनी यंत्राची पाहणी केली. ब्रिटनमधील लॅसेल्स-स्कॉट यांचे मत अनुकूल झाले, तर विद्युत अभियंता ई. अलेक्झांडर स्कॉट यांना ही 'तार' म्हणजे हवा वाहून नेणारी पोकळ नळी असल्याचा संशय आला. मतभेद मिटवण्यासाठी तार कापून प्रयोग पुन्हा करावा, असे ठरले. कीली यांनी त्यास नकार दिला. यानंतर श्रीमती मूर यांनी प्रयोगांसाठी पैसा देणे थांबवले.

मृत्यूनंतरची तपासणी

कीली यांच्या मृत्यूनंतर श्रीमती मूर यांचे पुत्र क्लॅरेन्स मूर यांनी प्रयोगशाळेची इमारत भाड्याने घेतली आणि १८९९ मध्ये अभियंते व वृत्तपत्र प्रतिनिधींसह तिची तपासणी केली. तळघरात सुमारे तीन टन वजनाचा पोलादी गोल सापडला. त्यात दाबाखालील हवा साठवली जात असावी, असा निष्कर्ष काढण्यात आला. भिंती, छत आणि भरीव भासणाऱ्या तुळयांमध्येही नळ्या लपवलेल्या होत्या. कीली यांच्या समर्थकांनी मात्र हा निष्कर्ष मान्य केला नाही.

वैज्ञानिक मूल्यमापन

ध्वनीचा पदार्थावर परिणाम होतो, हे सत्य आहे. एर्न्स्ट क्लाड्नी यांनी १७८७ मध्ये कंप पावणाऱ्या धातूच्या पत्र्यावरील वाळूच्या आकृत्यांचे वर्णन प्रसिद्ध केले. श्राव्यातीत ध्वनीच्या स्थिर तरंगांत पाण्याचे लहान थेंब अधांतरी ठेवता येतात. १९८० मध्ये म्युनिक येथे शरीराबाहेरून दिलेल्या आघाततरंगांनी मूत्रखडा फोडण्याचा पहिला उपचार करण्यात आला. मात्र या प्रत्येक उदाहरणात पदार्थावर खर्च होणारी ऊर्जा बाहेरून पुरवावी लागते.

कीली यांच्या दाव्यातील मूलभूत दोष येथेच आहे. अनुनादामुळे कंपने मोठी होतात, परंतु त्यासाठी लागणारी ऊर्जा मूळ स्रोताकडूनच येते. माणसाच्या नेहमीच्या बोलण्यातील ध्वनिशक्ती एक सहस्रांश वॅटहूनही कमी असते. तेवढ्यावर रेल्वेगाडी चालणे अशक्य आहे. पाण्याचे हायड्रोजन व ऑक्सिजनमध्ये विघटन करण्यासाठी लागणारी ऊर्जा ही त्यांच्या पुनर्संयोगातून मिळणाऱ्या ऊर्जेपेक्षा कधीही कमी नसते. शिवाय १८८७ मधील मायकेलसन–मोर्ली प्रयोगात ईथरचा अपेक्षित परिणाम आढळला नाही आणि पुढे भौतिकशास्त्राने ही संकल्पना सोडून दिली.

प्रात्यक्षिकात दिसलेला दाब किंवा हालचाल खरी असली, तरी तिचे कारण सांगितले तेच आहे हे त्यातून सिद्ध होत नाही. त्यासाठी इतर सर्व कारणे वगळणारी स्वतंत्र तपासणी आवश्यक असते. कीली यांच्या हयातीत अशी तपासणी झाली नाही.