खुनाच्या आधी एक अर्ज असतो

खुनाची बातमी टाकली की खाली दोन कमेंट ठरलेल्या. "कलियुग आलंय" आणि "भर चौकात फाशी द्या". तालुक्याची क्राइमची बातमीदारी करता करता मला या दोन्ही वाक्यांचा इतिहास शोधायची खोड लागली. पोस्ट लांब आहे मंडळी, पण शेवट आपल्या गावाशी येतो, तेव्हा वाचा.

आधी कलियुगाचं बघू. इंग्लंडमध्ये ११९४ साली कॉरोनर हा अधिकारी आला. कुणी अचानक किंवा मारामारीत मेलं की चौकशी करून लिहून ठेवायचं, आपल्या पंचनाम्यासारखंच. त्या जुन्या नोंदींवरून मॅन्युएल आयस्नर यांच्यासारख्या अभ्यासकांनी हिशेब मांडला. तेराव्या-चौदाव्या शतकात तिथं वर्षाला लाख माणसांमागे वीसेक खून व्हायचे. आज साधारण एक होतो. १३४० च्या दशकात ऑक्सफर्डमध्ये, म्हणजे विद्येच्या माहेरघरात, हा आकडा शंभरावर होता! तिथंच १३५५ साली दोन विद्यार्थ्यांनी दारू चांगली नाही म्हणून ती गुत्तेवाल्याच्या तोंडावर फेकली. त्यावरून शहर पेटलं आणि दोन-तीन दिवसांत डझनांनी माणसं मेली.

म्हणजे पूर्वीची माणसं काही शांत नव्हती. कारणंही आपल्या ओळखीचीच होती: दारू, शिवी, पैसा, जमीन. जेवणाची सुरी प्रत्येकाच्या कमरेला आणि जखम भरून काढणारं औषध नाही. त्यात पोलीस नाहीत. अशा ठिकाणी अपमान गिळला की लोक म्हणणार, हा लेचापेचा आहे, याचं रान दाबा. म्हणून हात उचलणं हीच अब्रू होती.

फाशीचं म्हणाल, तर त्या काळी चोरीलाही फाशी होती. तरी खून होतच होते.

मग कमी कसे झाले? पहिली पायरी भरपाईची. सन ६०० च्या सुमारास केंटच्या एथेलबर्ट राजाच्या कायद्यात साध्या स्वतंत्र माणसाच्या जिवाची किंमत १०० शिलिंग लिहिली होती, तुटलेल्या अंगठ्याची २०. ऐकायला विचित्र वाटतं, पण सूड घेण्याऐवजी पैसे घेऊन थांबायची वाट त्यातून निघाली. पुढं खून हा दोन घराण्यांचा मामला न राहता राजाचा गुन्हा झाला. कोर्टाचा दरवाजा उघडला. नॉर्बर्ट एलियास यांनी १९३९ च्या ग्रंथात मांडलं, की राजसत्ता बळकट झाली तशी आधी सरदारांनी आणि मग बाकीच्यांनी राग आवरायला शिकून घेतलं. याला शतकं लागली.

आपल्याकडं वतनाच्या वादात भाऊबंदांनी एकमेकांचे गळे कापले, हे शिवकाळाची कागदपत्रं वाचणाऱ्याला माहीत आहे. त्यावर उपाय होता गोतसभा. पाटील, कुलकर्णी, बलुतेदार बसायचे, दोघांचं ऐकायचे आणि महजर लिहायचे. सही येत नसेल तर कुणब्यानं नांगर काढायचा. निवाडा सगळ्या गावासमोर झालेला, त्यामुळं माघार घेणाऱ्याचं नाक कापलं जात नव्हतं. त्यात जातीची उतरंड होती, ते विसरायचं नाही.

आता आजचं. एनसीआरबीच्या आकड्यांनुसार २०२२ मध्ये देशात २८,५२२ खून झाले. १९९२ मध्ये ४० हजारांवर होते, तेही लोकसंख्या बरीच कमी असताना. २०२२ च्या खुनांत ९,९६२ चं कारण होतं 'वाद'. टोळीयुद्ध नाही, दरोडा नाही. साधा वाद.

मी केलेल्या बांधावरच्या खुनांच्या बातम्या आठवतो. जवळजवळ प्रत्येक खुनाच्या आधी एक कागद होता. मोजणीचा अर्ज, ठाण्यातली एनसी, रस्त्याच्या केसची पुढची तारीख. मारणारा आणि मेलेला, दोघंही आधी कुठल्यातरी दारात जाऊन आले होते. दार उघडलं नाही, मग कुऱ्हाड उचलली. खुनी निर्दोष आहे असं मी म्हणत नाही, शिक्षा झालीच पाहिजे. पण शिक्षा होते तोवर दोन घरं बसलेली असतात.

आर. आर. आबांनी गृहमंत्री असताना १५ ऑगस्ट २००७ ला तंटामुक्त गाव मोहीम सुरू केली, ती हेच दार गावात उघडण्यासाठी. आज कित्येक गावांत तिचा फक्त रंग उडालेला बोर्ड उरलाय. समिती आहे, बैठक नाही. काही ठिकाणी अध्यक्षपद म्हणजे निवडणुकीत पडलेल्याची सोय.

एक इशारा मात्र देतो. बाईला झालेली मारहाण किंवा जातीवरून झालेला अत्याचार 'मिटवून' टाकायला ही समिती नाही. ते पोलिसांतच गेलं पाहिजे. आणि जातपंचायतीच्या वाळीत टाकण्याला तर २०१६ च्या कायद्यानं शिक्षा आहे.

येत्या ग्रामसभेत उठून तीनच प्रश्न विचारा. समितीत कोण आहे? शेवटची बैठक कधी झाली? गावातले बांधाचे आणि रस्त्याचे किती वाद मोजणीवाचून पडून आहेत? मिळालेली उत्तरं गावाच्या नावासकट कमेंटमध्ये टाका, मी एकेकाची बातमी करतो.

खुनानंतर बातमी करायला आम्ही येतोच. यावेळी आधी बोलवा.