इराणहून आलेली पहिलवान

‘कुस्ती’ आणि ‘पहिलवान’ हे दोन्ही शब्द आपल्याकडे फारसीतून आले. लहानपणी भावाचा डबा मी तालमीच्या दारातच ठेवत असे. मुलींनी उंबरा ओलांडायचा नाही, हा दंडक होता. फारसीच्या माहेरी, इराणातही तसेच. अफसून रोशनझमीरचे वडील मल्ल, पण तिला आखाडा बंद!

१९७९च्या क्रांतीच्या धामधुमीत हे कुटुंब अमेरिकेत, कॅलिफोर्नियातील सॅन होजेला आले. भाषा परकी. त्यातच तेहरानमधील ओलीस प्रकरणामुळे इराणी माणसाकडे लोक संशयाने पाहत. शाळेत मुलींचा कुस्तीसंघ नव्हता, म्हणून अफसून मुलांशी लढली.

महिलांची पहिली जागतिक स्पर्धा १९८७ साली नॉर्वेत झाली. १९८९मध्ये स्वित्झर्लंडमधील मार्तिन्यी येथे अफसूनने अमेरिकेसाठी कांस्यपदक मिळवले, तर १९९०मध्ये रौप्य. ती राष्ट्रीय विजेतीही झाली. महिला कुस्ती ऑलिंपिकमध्ये आली ती मात्र २००४ साली, अथेन्सला. तोवर तिचे ऐन उमेदीचे दिवस सरले होते.

तरी ती कुस्तीपासून दूर गेली नाही. २०१६च्या रिओ ऑलिंपिकमध्ये अमेरिकी महिला संघाच्या प्रशिक्षकांत ती होती. तिथे हेलन मारूलिसने तीन वेळच्या ऑलिंपिक विजेत्या साओरी योशिदाला हरवले आणि अमेरिकेला महिला कुस्तीतील पहिले सुवर्ण मिळाले. हेलनचे वडीलही स्थलांतरितच, ग्रीसहून आलेले.

अफसूनच्या नावावर ऑलिंपिक पदक नाही. पण दार उघडणाऱ्याचे नाव पदकावर कोरलेले नसते, एवढेच मला म्हणायचे आहे.