खऱ्याखोट्याच्या कसोटीवर : मिकिमोतो मोतीबेटाची वाटचाल

जपानच्या मिए प्रांतात तोबा नावाचं बंदर आहे. तिथे किनाऱ्याला अगदी लागून एक छोटं बेट आहे, पूल ओलांडला की पोचलंच. हेच मिकिमोतो मोतीबेट. मोत्यांचं संग्रहालय, संस्थापकाचं स्मारकभवन आणि पांढऱ्या वस्त्रांत समुद्रात बुडी मारणाऱ्या ‘आमा’ स्त्रिया हे सगळं इथे एका जागी पाहायला मिळतं. मोत्यांचे संग्रह जगात पुष्कळ आहेत. त्यांतले बरेचसे राजेरजवाड्यांच्या जामदारखान्यांतून आलेले. या बेटावरच्या नावाजलेल्या वस्तूंचा जन्म मात्र एका प्रश्नातून झाला. माणसाने शिंपल्याकडून घडवून घेतलेला मोती खरा मानायचा का? या संस्थेचा सगळा इतिहास म्हणजे या प्रश्नाला दिलेलं उत्तर आहे.

शेवयांच्या दुकानातून समुद्राकडे

कोकिची मिकिमोतो यांचा जन्म १८५८ सालचा, तोबा गावातलाच. घरी उदोनचं, म्हणजे गव्हाच्या जाड शेवयांचं दुकान. थोरला मुलगा म्हणून संसाराचा भार लवकर अंगावर आला, भाजीपालाही विकला. पुढे समुद्रातल्या मालाचा व्यापार करताना त्यांच्या लक्षात आलं, की मोत्यांच्या हव्यासापायी त्या भागातले आकोया शिंपले झपाट्याने संपत चालले आहेत. शिंपले जपायचे, वाढवायचे आणि त्यांच्याकडूनच मोती घ्यायचे, ही कल्पना तिथून रुजली. टोकियोच्या विद्यापीठातले प्राणिशास्त्रज्ञ काकिची मित्सुकुरी यांनी त्यांना शास्त्राचा आधार दिला.

१८९२ साली समुद्रात ‘लाल लाट’ आली. सूक्ष्मजीवांची बेसुमार वाढ होऊन पाणी तांबडं होतं आणि शिंपले गुदमरून मरतात. वर्षांची मेहनत गेली. तोबाजवळच्या बेटापाशी ठेवलेले शिंपले तेवढे तगले. पुढच्या वर्षी, ११ जुलै १८९३ रोजी, कोकिची आणि त्यांची पत्नी उमे यांना त्यांतल्या शिंपल्यांत अर्धगोल मोती धरलेले सापडले. १८९६ मध्ये या पद्धतीचं पेटंट मिळालं आणि त्याच वर्षी उमे वारल्या. त्यांचं वय अवघं बत्तीस. या यशात त्यांचा वाटा मोठा होता, हे संस्थेचा इतिहास सांगताना कुणी विसरू नये.

गोल मोती

१८९९ मध्ये टोकियोच्या गिन्झा भागात दुकान निघालं. पण अर्धगोल मोती कोंदणात बसतो, त्याची माळ होत नाही. पूर्ण गोल मोत्याच्या शोधात आणखी दोघं होते: तात्सुहेई मिसे आणि कोकिचींचे जावई, जीवशास्त्रज्ञ तोकिची निशिकावा. पुढे जगभर रुळलेल्या तंत्राला याच दोघांची नावं जोडली जातात. मिकिमोतोंनी स्वतःची पद्धत बसवली, पुढे मिसे-निशिकावा तंत्र स्वीकारलं आणि त्यावर मोठा उद्योग उभा केला. श्रेय असं वाटून सांगितल्याने त्यांचं मोठेपण कमी होत नाही.

हे काम जवळून पाहण्यासारखं आहे. कारागीर शिंपला चिमट्याने जेमतेम फटीएवढा उघडतो. दुसऱ्या शिंपल्याच्या आवरणाचा इवलासा चौकोनी तुकडा आणि एक गोल मणी त्याच्या मऊ अंगात नेमक्या जागी सरकवतो. त्या तुकड्यातल्या पेशी वाढून मण्याभोवती पिशवी धरतात आणि ती पिशवी मण्यावर थरावर थर चढवत जाते. एकेका थराची जाडी मिलिमीटरच्या हजाराव्या भागाहूनही कमी. या पारदर्शक थरांतून प्रकाश परतताना मोत्याला ते खास पाणी येतं. आतला मणी बहुधा अमेरिकेतल्या मिसिसिपी नदीच्या खोऱ्यातल्या जाड शिंपल्यातून कोरलेला असतो. जपानी हातांना शिंपल्याची चमक नवी नव्हतीच. नारा इथल्या शोसोइन भांडारात आठव्या शतकातली पाच तारांची ‘बिवा’ आहे. तिच्या लाकडात शिंपल्याचे कोरीव तुकडे बसवले आहेत आणि ते आजही झळाळतात.

बाजाराची परीक्षा

१९२१ च्या सुमारास हे गोल मोती लंडनच्या बाजारात पोचले आणि खळबळ उडाली. व्यापाऱ्यांनी ते नकली ठरवले. पॅरिसमध्ये प्रकरण कोर्टापर्यंत गेलं. मिकिमोतोंनी जगापुढे मालच मांडायचं ठरवलं. १९२६ च्या फिलाडेल्फिया प्रदर्शनासाठी होर्यूजी मंदिराच्या धर्तीवर पाच मजली पॅगोडा घडवला, त्यात १२,७६० मोती. १९३९ च्या न्यूयॉर्क जागतिक प्रदर्शनात अमेरिकेच्या ‘लिबर्टी बेल’ची प्रतिकृती ठेवली: १२,२५० मोती, ३६६ हिरे आणि मूळ घंटेला गेलेली चीर निळसर मोत्यांनी दाखवलेली. ती चीर पाहताना कारागिराच्या निवडीला दाद द्यावीशी वाटते. मोत्यांमधला रंगाचा फरक त्याने दोष मानून बाजूला टाकला नाही, त्याचीच रेघ केली.

१९३७ च्या पॅरिस प्रदर्शनातला ‘यागुरुमा’ तर संग्रहाचा मुकुटमणी. किमोनोच्या पट्ट्यावर लावायचा हा दागिना सुटा करून बारा तऱ्हांनी घालता येतो. प्रदर्शनानंतर तो विकला गेला आणि दिसेनासा झाला. १९८९ मध्ये न्यूयॉर्कच्या लिलावात तो पुन्हा समोर आला आणि संस्थेने तो विकत घेऊन घरी आणला.

दर्जाच्या बाबतीतही मिकिमोतो कठोर होते. १९३२ मध्ये कोबे इथे त्यांनी हलक्या प्रतीचे मोती चारचौघांत जाळून टाकले.

मुंबईच्या पेठेला बसलेला धक्का

या यशाची किंमत दूरवर चुकवावी लागली. इराणच्या आखातातला नैसर्गिक मोती तेव्हा मुंबईत येई. इथे त्याची प्रतवारी होई, त्याला भोक पाडलं जाई आणि मग तो युरोपला जाई. आपल्या नथीतला, तन्मणीतला ‘बसरा मोती’ याच वाटेने आला. बडोद्याच्या खंडेराव गायकवाडांनी १८६५ च्या सुमारास करवून घेतलेली मोत्यांची चादर याच संपन्न काळातली. २००९ मध्ये दोह्याच्या लिलावात ती सुमारे ५५ लाख डॉलरना गेली. जागतिक मंदी आणि जपानी मोती या दुहेरी माऱ्याने १९३० च्या दशकात आखाताचा मोतीधंदा कोसळला. पाणबुडे देशोधडीला लागले, मुंबईची पेठ ओसरली. मोतीबेटाची कहाणी सांगताना या माणसांचीही आठवण ठेवली पाहिजे.

पुढे भारतानेही हे तंत्र आपलंसं केलं. १९७३ मध्ये तुतिकोरीन इथे केंद्रीय सागरी मत्स्य संशोधन संस्थेने गोल संवर्धित मोती घडवला.

बेट खुलं झालं

दुसऱ्या महायुद्धात चैनीच्या वस्तूंवर बंदी आली आणि धंदा थंडावला. युद्धानंतर जपानमध्ये आलेल्या परदेशी सैनिकांनी मोत्यांना पुन्हा गिऱ्हाईक मिळवून दिलं. १९५१ मध्ये बेट लोकांसाठी खुलं झालं. १९५४ मध्ये, वयाच्या ९६ व्या वर्षी, मिकिमोतो गेले. १९७० मध्ये पूल झाला, १९८५ मध्ये संग्रहालय उभं राहिलं आणि पहिल्या मोत्याच्या शताब्दीला, १९९३ मध्ये, स्मारकभवन. संग्रहालयात संवर्धनापासून प्रतवारीपर्यंतची सारी कृती उलगडून मांडली आहे. सोबत युरोपातले जुने, नैसर्गिक मोत्यांचे दागिनेही आहेत. एके काळी ज्यांच्यासमोर आपला माल नकली ठरला, तेच दागिने शेजारी ठेवून ‘पाहा आणि ठरवा’ म्हणायला आत्मविश्वास लागतो.

आजची परीक्षा समुद्रच घेतो आहे. १९९० च्या दशकात रोगाने आकोया शिंपले मोठ्या प्रमाणावर मेले. २०१९ च्या उन्हाळ्यातही कोवळ्या शिंपल्यांवर संकट आलं. मिकिमोतोंच्या संशोधन प्रयोगशाळेने शिंपल्यांच्या उघडझापीवर लक्ष ठेवणारं यंत्र विकसित करण्यात भाग घेतला आहे. पाणी बिघडू लागलं की शिंपले वेगळे वागतात आणि त्यावरून लाल लाटेची पूर्वसूचना मिळते. मोती खरा आहे हे पटवून देण्यात संस्थेची पहिली काही दशकं गेली. आता मोती देणारा समुद्र जिवंत ठेवणं हे तिचं काम आहे, आणि पॅगोडा किंवा घंटा घडवण्यापेक्षा ते कितीतरी मोठं आहे.