साहेबाचे ओटे आणि सूर्यातली पिवळी रेघ



गगनबावड्याचा घाट उतरून विजयदुर्गाला गेला असाल, तर किल्ल्यावरचे ‘साहेबाचे ओटे’ पाहिले असतील. लॉकियर नावाच्या इंग्रज साहेबानं 18 ऑगस्ट 1868 च्या खग्रास ग्रहणात इथून हेलियम वायू शोधला, असं सांगतात. त्या तारखेला तिथं हेलियम दिनही साजरा होतो. पण 1868 साली लॉकियर इंग्लंडात होता. विजयदुर्गाला तो आला 22 जानेवारी 1898 च्या ग्रहणासाठी, म्हणजे तीस वर्षांनी.

मग 1868 ला आपल्या भागात कोणी काही पाहिलंच नाही का? पाहिलं की. कोल्हापूरच्या पूर्वेला जमखंडी आहे, तेव्हा पटवर्धनांचं संस्थान. तिथं लेफ्टनंट जॉन हर्शेल दुर्बीण लावून बसला होता. युरेनस शोधणाऱ्या हर्शेलचा हा नातू. श्रावणातलं आभाळ, ढगांची ये-जा. तेवढ्यात सूर्याच्या कडेच्या ज्वाळांचा उजेड त्यानं लोलकातून पाहिला. इंद्रधनुष्यासारखा सलग पट्टा दिसला नाही, सुट्या रेघा दिसल्या: तांबडी, नारिंगी, निळी.

चुलीत मीठ सांडलं की ज्योत पिवळी होते ना? तो मिठातल्या सोडियमचा रंग. हर्शेलला त्याची नारिंगी रेघ सोडियमचीच वाटली. त्याच्या यंत्राला त्याहून बारीक फरक कळत नव्हता. मच्छलीपट्टणला पॉगसन नावाच्या मद्रासच्या ज्योतिर्विदाला मात्र ती सोडियमच्या जागी नेमकी बसत नाही असं दिसलं. त्याचं नाव आज फारसं कोणी घेत नाही, याचं मला वाईट वाटतं. ऑक्टोबरमध्ये लॉकियरनं ग्रहण नसतानाच ती रेघ पाहिली, नीट मोजली, आणि हा नवाच पदार्थ आहे असं म्हटलं. ‘हेलिओस’ म्हणजे ग्रीक भाषेत सूर्य, त्यावरून हेलियम. पुष्कळांनी विश्वास ठेवला नाही. 1895 मध्ये रॅमसे यांना एका युरेनियमच्या खनिजात तो वायू सापडला, तेव्हा कुठं वाद मिटला.

फरक होता तरी किती? सोडियमच्या दोन जुळ्या रेघा 589.0 आणि 589.6 नॅनोमीटरला, हेलियमची 587.6 ला. नॅनोमीटर म्हणजे मिलिमीटरचा दहा लाखावा भाग. महिनाअखेरीला वहीत दोन रुपये जुळत नाहीत म्हणून आपण पुन्हा पहिल्या पानापासून बेरीज करतो, तसलाच हा प्रकार.

रेघ नेमकी तिथंच का, हे मात्र तेव्हा कोणालाच सांगता येत नव्हतं. 1913 मध्ये नील्स बोर यांनी वाट दाखवली. अणूतल्या इलेक्ट्रॉनला ऊर्जेच्या ठरावीक पायऱ्याच असतात. जोतिबाच्या पायऱ्या उतरताना दोन पायऱ्यांच्या मधे पाय ठेवता येतो का? तसंच. इलेक्ट्रॉन वरच्या पायरीवरून खाली आला, की मधला फरक प्रकाश होऊन बाहेर पडतो. प्रत्येक पदार्थाच्या पायऱ्या वेगळ्या, म्हणून रेघाही वेगळ्या.

हिशेब आपल्या मोबाईलवर होतो. हेलियमची वरची पायरी 23.07, खालची 20.96, ही मापं इलेक्ट्रॉन व्होल्टमध्ये आहेत. वजाबाकी 2.11. आता 1240 ला 2.11 नं भागा. 587 च्या वर, 588 च्या आत उत्तर येतं. सोडियमचा फरक 2.104, त्यानं भागलं तर 589 च्या थोडं पुढं. फरक जितका मोठा, तितकी लांबी कमी आणि रंग निळ्याकडं. (हा 1240 कुठून आला? प्रकाशाचा वेग आणि प्लँक यांचा स्थिरांक यांच्या गुणाकारातून, या मापांसाठी.)

गटाची सहल विजयदुर्गाला गेली, तर ओट्यांवर बसून हा भागाकार जरूर करा. आणि वाटाड्यानं 1868 म्हटलं, तर त्याला 1898 चं ग्रहणही सांगा.