क्रिली कोर्टमधला टाइपरायटर

नेपरव्हिलहून मेट्रा रेल्वेनं शिकागोचं युनियन स्टेशन, तिथून ओल्ड टाउन. सतरा वर्षांच्या नातवाला घेऊन मी मुद्दाम १७१०, क्रिली कोर्ट हे विटांचं जुनं घर बघायला गेले.

इथे हेन्री गर्बर भाड्याने राहायचा. बव्हेरियात जन्मलेला, टपाल खात्यातला माणूस. अमेरिकी सैन्यातर्फे कोब्लेंझला असताना जर्मनीतल्या समलैंगिकांची चळवळ त्याला कळली. डिसेंबर १९२४ मध्ये इलिनॉय राज्यानं त्याच्या ‘सोसायटी फॉर ह्यूमन राइट्स’ला सनद दिली. अध्यक्ष होते जॉन ग्रेव्हज, कृष्णवर्णीय धर्मोपदेशक. संस्थेच्या नियतकालिकाचे जेमतेम दोन अंक निघाले. १९२५ मध्ये पोलीस आले आणि डायऱ्यांबरोबर गर्बरचा टाइपरायटरही उचलून घेऊन गेले. त्या टाइपरायटरपाशी माझं मन दर वेळी अडतं. माणसाच्या हातातली अक्षरंच काढून घेतली! खटला टिकला नाही, पण आयुष्याची पुंजी वकिलांत गेली आणि नोकरीही गेली. पुढे १९६२ पासून समलिंगी संबंध गुन्हा न मानणारं इलिनॉय हे पहिलं राज्य ठरलं. गर्बर तेव्हा हयात होता, याचं मला फार बरं वाटतं.

आमच्या पुण्यात बिंदुमाधव खिरे यांनी २००२ मध्ये समपथिक ट्रस्ट उभारला आणि समलैंगिकतेचा विषय मराठीत, साध्या शब्दांत मांडला. त्यांचं ‘इंद्रधनु’ मी बॅगेतून इकडे आणलंय. नातू देवनागरी अडखळत वाचतो, म्हणून रात्री जेवणानंतर दोन-दोन पानं मीच वाचते. अवघड शब्द आला की तो मला थांबवतो, आणि वहीत उतरवून घेतो.