झाकणाखालचे ४ एमबी

निन्टेंडो ६४ हा कन्सोल कधी जवळून बघितला असेल तर आठवेल, वरच्या अंगाला पुढे एक छोटंसं झाकण असतं. ते उघडलं की आत एक बारका ठोकळा बसवलेला दिसतो. त्याचं नाव जंपर पॅक. तो काय करतो? जवळजवळ काहीच नाही. त्याच्यात मेमरी नाही, प्रोसेसर नाही. पण काढून ठेवला तर कन्सोल चालत नाही!

झालंय असं, की ६४ मध्ये रॅम्बस जातीची रॅम वापरली होती. या रॅमला जाणाऱ्या तारांचं शेवटचं टोक मोकळं सोडलं तर सिग्नल टोकाला आपटून मागे फिरतो आणि पुढून येणाऱ्या सिग्नलमध्ये मिसळून सगळी खिचडी करतो. म्हणून टोकाला टर्मिनेटर लागतो (अरनॉल्ड नव्हे). जंपर पॅक म्हणजे तो टर्मिनेटर. थोडक्यात, कुणीतरी नंतर येणार आहे म्हणून खुर्चीवर टाकून ठेवलेला रुमाल.

नंतर येणारा पाहुणा आला १९९८ च्या शेवटी. एक्स्पान्शन पॅक. कन्सोल १९९६ चा, त्याच्यात ४ एमबी रॅम. पॅक बसवला की ८. दुप्पट. आज मोबाइलमधला एक फोटोसुद्धा ४ एमबीत मावत नाही, पण त्या काळी कन्सोलच्या दुनियेत ही वाढ प्रचंड होती. विकत घेतलेल्या मशीनची ताकद नंतर वाढवायची, आणि ती वाढवल्यामुळे काही गेम सुधारणार, काही गेम फक्त त्यामुळेच शक्य होणार, हा खेळ गेली चाळीस वर्षं चालू आहे. आज त्याबद्दल.

सुरुवात आपल्या ओळखीच्या ठिकाणाहून करू. ज्याला आपण नुसतं 'टीव्ही गेम' म्हणायचो आणि ज्याच्या कॅसेटवर '९९९९९९ इन १' असं बिनधास्त छापलेलं असायचं, तो डबा म्हणजे निन्टेंडोच्या फॅमिकॉमची नक्कल. मूळ फॅमिकॉम १९८३ चा, जपानमधला. प्रोसेसर पावणेदोन मेगाहर्ट्झच्या आसपास, कामाची रॅम २ केबी. कॅसेटमधला प्रोग्रॅम त्याला एका वेळी ३२ केबी दिसायचा, चित्रं ८ केबी. सुपर मारियो ब्रदर्स (१९८५) बरोब्बर तेवढ्यात बसवलाय. ३२ अधिक ८, चाळीस केबी, संपला विषय. त्यातले ढग आणि झुडपं ही एकाच आकाराची आहेत, नुसता रंग वेगळा, हे माहीत नसेल तर आज जाऊन बघा.

पण सगळ्यांना चाळीसात संसार कसा जमणार? मग युक्ती निघाली. कन्सोल बदलायचा नाही, कॅसेटमध्येच एक जादा चिप घालायची. ती चिप मोठ्या रॉममधले वेगवेगळे तुकडे आळीपाळीने प्रोसेसरसमोर धरते. प्रोसेसरला वाटतं आपल्यासमोर तेवढंच पान आहे, आणि मागून कुणीतरी पानं बदलत असतं. म्हणजे अपग्रेड प्रत्येक कॅसेटबरोबर मिळायचं, गिऱ्हाईकाला त्याचा पत्ताही नसायचा.

याचा सगळ्यात गमतीदार पुरावा म्हणजे कॉन्ट्रा. १९८८ मध्ये कोनामीने हा गेम जपान आणि अमेरिका दोन्हीकडे आणला. जपानी कॅसेटमध्ये कोनामीची स्वतःची व्हीआरसी२ नावाची चिप होती, अमेरिकन कॅसेटमध्ये साधी स्वस्तातली व्यवस्था. परिणाम? जपानी कॉन्ट्रात पहिल्या लेव्हलच्या जंगलात झाडांची पानं हलतात, बर्फाच्या लेव्हलमध्ये बर्फ उडत असतो, लेव्हलच्या मध्ये नकाशा आणि गोष्टीचे प्रसंग येतात. अमेरिकन कॉन्ट्रात यातलं काही नाही. झाडं ठोकल्यासारखी उभी. तुमच्या डब्यात पानं हलायची का, आठवून बघा बरं.

आणखी एक उदाहरण, थोडं चुटपुट लावणारं. कॅसलव्हेनिया ३ ची जपानी आवृत्ती १९८९ मध्ये आली, तिच्यात व्हीआरसी६ चिप. हिने आवाजाची तीन जादा चॅनेल दिली आणि संगीत एकदम भरदार झालं. फॅमिकॉमच्या कॅसेटला कन्सोलच्या आवाजात आपला आवाज मिसळायला वाट ठेवलेली होती. अमेरिकेत एनईएस विकताना निन्टेंडोने कॅसेटचा खाचा बदलला, साठाऐवजी बहात्तर पिना केल्या, आणि नेमकी ती आवाजाची वाट कॅसेटमधून काढली. कन्सोलच्या बुडाला दुसरा एक पोर्ट ठेवला, पण त्याचा उपयोग असा कुणी केलाच नाही. त्यामुळे अमेरिकन पोरांनी तोच गेम पातळ केलेल्या संगीतावर खेळला. बारा पिना वाढवल्या आणि हवी ती गेली.

असो. या सगळ्या कथेचा नायक मात्र सुपर एफएक्स. लंडनची आर्गोनॉट नावाची कंपनी, जेझ सॅन तिचा मालक, आणि डिलन कथबर्टसारखी विशीतली पोरं. यांनी गेमबॉयवर थ्रीडी करून दाखवलं म्हणून निन्टेंडोने त्यांना क्योटोला बोलावून घेतलं. सुपर निन्टेंडोचा प्रोसेसर साडेतीन मेगाहर्ट्झचा, त्यावर खरं थ्रीडी झेपणार नाही हे उघड होतं. तर आर्गोनॉटवाले म्हणाले, आम्ही चिपच करून देतो. सॉफ्टवेअरवाल्यांनी! ती चिप १९९३ च्या स्टार फॉक्सच्या कॅसेटमध्ये बसून आली. चिप साडेदहा मेगाहर्ट्झची, म्हणजे कॅसेटमधला पाहुणा घरमालकाच्या तिप्पट वेगवान. सगळे त्रिकोण-चौकोन ही चिप काढायची आणि सुपर निन्टेंडो ते टीव्हीवर पोचवायचा. आज बघितलं तर स्टार फॉक्स अडखळत चालतो, सेकंदाला जेमतेम पंधरा फ्रेम. पण शिगेरू मियामोतोचं डिझाइन त्याच्यामागे होतं, आणि ते विमान कमानींच्या मधून जाताना आजही मजा येते.

पुढे याच चिपच्या दुप्पट वेगाच्या भावंडावर स्टार फॉक्स २ तयार झाला. पूर्ण तयार, १९९५ मध्ये. पण तोवर प्लेस्टेशन आणि सॅटर्न बाजारात आले होते. त्यांच्या शेजारी आपला ओढूनताणून केलेला थ्रीडी कसा दिसेल, या विचाराने निन्टेंडोने तो कपाटात टाकला. बाहेर आला थेट २०१७ मध्ये, छोट्या सुपर निन्टेंडो क्लासिकबरोबर. बावीस वर्षं! ज्याने विशीत कोड लिहिला त्याच्या चाळिशीत प्रॉडक्शनला गेला. आपण दोन महिने रिलीज लांबला की कुरकुरतो.

उलट्या बाजूला सेगा. त्यांनीही १९९४ मध्ये व्हर्च्युआ रेसिंगच्या कॅसेटमध्ये चिप घातली, पण अमेरिकेत त्या एका कॅसेटची किंमत १०० डॉलरवर गेली. मग विचार केला की दर कॅसेटमध्ये चिप घालण्यापेक्षा एकदाच कन्सोलवर डोकं बसवू. त्याचं नाव ३२एक्स. नोव्हेंबर १९९४, १५९ डॉलर, आत दोन ३२ बिटी प्रोसेसर. ऐकायला झकास. पण त्याच महिन्यात जपानमध्ये सेगाचाच नवा कन्सोल सॅटर्न विक्रीला आला! म्हणजे एक हात अपग्रेड विकतोय आणि दुसरा हात सांगतोय की ते मशीन आता जुनं झालं. वर ३२एक्सला स्वतःचा वेगळा अडॅप्टर, खाली सीडी जोडली असेल तर तिचा वेगळा, कन्सोलचा वेगळा. भिंतीतले सगळे प्लग सेगाच्याच नावावर. चाळीसएक गेम आले आणि १९९६ पर्यंत खेळ आटोपला. पैसे गेले ते गेलेच, पण सेगाने पुढचं मशीन आणलं की 'हे किती दिवस टिकेल?' हा प्रश्न लोकांच्या मनात कायमचा बसला. माझ्या मते सेगाला पुढे नडलेल्या गोष्टींत हा अविश्वास बराच वर आहे.

म्हणूनच निन्टेंडोने तो पॅक विकताना सांभाळून पावलं टाकली. सुरुवातीला टुरोक २ सारखे गेम आले, पॅक असेल तर चित्र जास्त बारीक, नसेल तरी चालतंय. मग १९९९ मध्ये डाँकी काँग ६४, पॅकशिवाय चालतच नाही. पण पॅक खोक्यातच दिलेला.

या गेमची एक दंतकथा सांगायलाच हवी. रेअर कंपनीतल्याच एका प्रोग्रॅमरने बऱ्याच वर्षांनी सांगितलं, की पॅकशिवाय गेम क्रॅश व्हायचा, बग कुणाला सापडेना, म्हणून शेवटी पॅकच फुकट वाटावा लागला. ही गोष्ट नेटवर वणव्यासारखी पसरली. का नाही पसरणार? 'बग सापडत नाही, रॅम वाढवा' हे वाक्य आमच्या धंद्यात जगभर दर शुक्रवारी संध्याकाळी बोललं जातं. पण त्याच गेमचा प्रमुख आर्टिस्ट मार्क स्टीव्हन्सन याने पुढे ते खोडून काढलं. शेवटी शेवटी एक जीवघेणा बग होता हे खरं, पण पॅकचा त्याच्याशी संबंध नाही, पॅक त्या बगवरचा इलाज म्हणून आलाच नव्हता. मला स्टीव्हन्सनचं पटतं. लाखो पॅक छापून खोक्यात भरायचे तर तो निर्णय आदल्या आठवड्यात होत नसतो.

पण त्या ४ एमबींचं सोनं केलं ते २००० मधल्या मेजोराज मास्कने. झेल्डाचाच गेम, आधीच्या ऑकरिना ऑफ टाइमचंच इंजिन, बरीचशी पात्रंसुद्धा तीच. कल्पना मात्र वेगळी: आकाशातून चंद्र खाली येतोय, तीन दिवसांनी आपटणार. हे तीन दिवस तुम्ही पुन्हा पुन्हा जगता. गावातला पोस्टमन, खानावळवाली, सुतार, प्रत्येकाचं तीन दिवसांचं वेळापत्रक ठरलेलं. जादा मेमरीमुळे पडद्यावर जास्त माणसं एका वेळी, लांबपर्यंतचं दृश्य, धुकं कमी. त्या गावात चौकात उभं राहिलं की माणसं आपापल्या कामाला जाताना दिसतात आणि वर बघितलं की तो चंद्र. गाव रिकामं असतं तर चंद्राची भीती कुणाला वाटली असती? मेमरीचा असा वापर मी दुसरीकडे क्वचितच पाहिलाय.

इथपर्यंत सगळे गेम वाढीव ताकद धरूनच लिहिलेले. खरी भानगड होते ती जुना गेम नव्या मशीनवर टाकला की.

१९७८ चा स्पेस इन्व्हेडर्स घ्या. पंचावन्न परग्रहवासी, आणि प्रोसेसरला दर फ्रेमला एकालाच हलवायला जमायचं. म्हणजे सगळी फौज एक पाऊल सरकायला पंचावन्न फ्रेम. तुम्ही मारत गेलात की उरलेल्यांची पाळी लवकर यायची आणि ते वेगाने धावायला लागायचे. हे मशीनच्या मर्यादेतून आलेलं, पण टोमोहिरो निशिकादोने ते तसंच ठेवलं. गेममधली सगळी धडधड त्यात आहे. दहापट वेगवान प्रोसेसर देऊन सगळ्यांना एकदम हलवलंत तर गेम 'सुधारेल' आणि मरेल.

तसाच ग्रेडियस ३, सुपर निन्टेंडोवरचा, १९९० चा. पडद्यावर गोळ्या वाढल्या की गेम सगळाच मंदावतो. २०१९ मध्ये विटोर विलेला या ब्राझिलियन प्रोग्रॅमरने हा गेम एसए-१ चिपसाठी बदलला. तीसुद्धा कॅसेटमध्ये बसणारी चिप, सुपर मारियो आरपीजीमध्ये होती तीच. मंदावणं गायब, गेम लोण्यासारखा. आणि कितीतरी अवघड! कारण गोळ्यांच्या पावसात तो मंदावायचा तेव्हाच खेळणाऱ्याला वाट काढायला वेळ मिळायचा. आता यातला खरा ग्रेडियस ३ कुठला? मी म्हणेन, दोन्ही ठेवा. पण लहानपणी ज्याने जुना पार केला त्याच्याशी वाद घालायला जाऊ नका.

पूर्वीच्या कन्सोलवाल्यांनी असा कोड लिहिला तर त्यांना दोष देता येत नाही. प्रत्येक घरात तंतोतंत तेच मशीन, मग 'मागच्या फ्रेमपासून किती वेळ गेला' हे मोजायचं कशाला? पण सवयी टिकतात. डार्क सोल्स २ पीसीवर ६० फ्रेमने चालवला तर हत्यारं दुप्पट वेगाने झिजायची, कारण झीज फ्रेमवर मोजलेली. दुरुस्ती २०१५ मध्ये आली.

कधी कधी मात्र वाढीव हार्डवेअर निव्वळ झाकपाक करतं. पोकेमॉन स्कार्लेट आणि व्हायोलेट, नोव्हेंबर २०२२. लांबची पवनचक्की सेकंदाला दोन-चार फ्रेमने फिरायची, त्याचे व्हिडिओ जगभर फिरले. तरी पहिल्या ३ दिवसांत १ कोटी प्रती खपल्या. जून २०२५ मध्ये स्विच २ आला, फुकट अपडेट मिळालं आणि गेम ६० फ्रेमने पळायला लागला. छानच. पण पहिल्या दिवशी पूर्ण किंमत मोजलेल्याला तो सुधारलेला गेम बघायला आता नवा कन्सोल घ्यावा लागतो, ते 'फुकट' मध्ये कुठे धरायचं?

आणि मग ब्लडबोर्न. प्लेस्टेशन ४ वर मार्च २०१५ मध्ये आला, ३० फ्रेमला बांधलेला. २०१६ मध्ये पीएस४ प्रो, २०२० मध्ये पीएस५, २०२४ मध्ये पीएस५ प्रो आला. ब्लडबोर्नला अपडेट आलं नाही. नुसतं कुलूप काढलं तर सगळा गेम दुप्पट वेगाने धावतो, वर सांगितलेलंच कारण. लान्स मॅकडोनल्ड या ऑस्ट्रेलियन मॉडरने वेळेचं गणित नीट बसवून ६० फ्रेमचा पॅच केला आणि २०२१ मध्ये लोकांना दिला. चालायचा फक्त कुलूप तोडलेल्या पीएस४ वर. २०२५ च्या सुरुवातीला सोनीकडून कॉपीराइटची नोटीस आली आणि त्याने तो काढून टाकला. अधिकृत पॅच अजून नाही. आज ती तबकडी पीएस५ मध्ये घातली तर गेम उत्तम चालतो, लोड पटकन होतो, आणि एक फ्रेम काढून झाली की ते एवढं मोठं मशीन पुढच्या फ्रेमची पाळी येईपर्यंत गप्प बसून राहतं.